आजोबा झोपलेत

मी सापाला घाबरतो.

हे एवढं साधं वाक्य मी १९९० साली डेलला सांगितलं असतं, तर पुढचं काहीच घडलं नसतं आणि सौदीतल्या धाहरानच्या प्लांटच्या गेटवर ‘दुपारच्या जेवणाला उंदीर आणणारा इसम’ अशी माझी ख्याती झाली नसती. पण मी पडलो गुहागरकडचा. परदेशात गेलेल्या कोकणी माणसाला एक खोड असते. गावात तो ज्या ज्या गोष्टीला घाबरून पळालेला असतो, त्या त्या गोष्टीच्या तो तिकडे जाऊन बढाया मारतो.

डेल आमच्या इन्स्ट्रुमेंट शॉपचा, म्हणजे प्लांटवरच्या मोजयंत्रांच्या वर्कशॉपचा, फोरमन. अमेरिकन, सहा फूट दोन इंच, लालबुंद चेहरा आणि स्वभावाने इतका सरळ, की त्याला थाप मारताना पाप केल्यासारखं वाटायचं. (वाटायचं, पण मारायचो.) एकदा चहाच्या सुट्टीत त्याने विचारलं, “वसंत, तुमच्या गावाकडे साप असतात का रे?”

झालं. मी सुरू झालो. न्हाणीच्या चुलीमागे नाग, माळ्यावर धामण, शाळेच्या वाटेवर फुरसं. आम्ही पोरं त्यांना शेपटीला धरून बाजूला ठेवायचो आणि पाढे म्हणत पुढे जायचो. आमच्याकडे साप म्हणजे घरातलाच एक माणूस, वगैरे वगैरे. खरी गोष्ट अशी, की तोवर मी साप जवळून एकदाच पाहिला होता आणि तोही फणसाच्या झाडावरून. साप खाली होता, मी वर होतो. तो निघून गेल्यावरही मी दिवेलागणीपर्यंत वरच होतो आणि शेवटी काकांनी शिडी आणली. शिडीचा भाग मी डेलला सांगितला नाही.

डेलचे डोळे पाणावले की काय असं मला वाटलं. तो म्हणाला, “मला इथे तुझ्यासारखा माणूस भेटेल असं वाटलं नव्हतं. ये, तुला बस्टर दाखवतो.”

बस्टर म्हणजे कुत्रा असेल या समजुतीने मी त्याच्या घरी गेलो. आमच्या कंपाउंडमध्ये त्याचं घर आमच्या घराला पाठ लावून होतं. दिवाणखान्यात मासे ठेवतात तसली काचेची पेटी होती. आत मासे नव्हते. आत हातभर लांब... छे, दोन हात लांब, काळाभोर, अंगावर पांढरे पट्टे असलेला एक प्राणी वेटोळं घालून माझ्याकडे बघत होता. आता काळ्या अंगावर पांढरे पट्टे, याला आमच्याकडे मण्यार म्हणतात. आणि मण्यार म्हटल्यानंतर पुढचं काही म्हणायला माणूस शिल्लक राहत नाही.

“किंगस्नेक,” डेल कौतुकाने म्हणाला. “कॅलिफोर्नियाचा. विष अजिबात नाही. धरतोस?”

“आत्ताच हात धुतलेत,” मी म्हणालो. हे कारण त्याला पटलं, यावरून तो किती सरळ होता ते कळेल. एवढा साप सौदी अरेबियात आला कसा, हे मी विचारलं नाही आणि त्यानेही सांगितलं नाही.

पुढे ऑगस्टमध्ये कुवेतचं प्रकरण झालं. डिसेंबर सरता सरता आमच्या कंपाउंडमधली घरं एकेक करून रिकामी व्हायला लागली. डेलच्या बायकोने रडून गोंधळ घातला आणि जानेवारीच्या सुरुवातीला तेही निघाले. निघायच्या आदल्या दिवशी सकाळी दारावरची बेल वाजली. दारात डेल, त्याच्या हातात काचेची पेटी, पेटीत बस्टर.

“वसंत, अख्ख्या धाहरानमध्ये याला फक्त तूच सांभाळू शकतोस. मी परत येईपर्यंत जिवंत ठेव, एवढंच मागतो.” आणि हा सहा फुटी गडी खरोखरच रडायला लागला.

अशा वेळी माणसाने काय करायचं? मी पेटी घेतली. डेलने टाईप केलेली दोन पानं दिली, ‘सगळं यात लिहिलंय’ म्हणाला, आणि चांदीच्या कागदात गुंडाळलेल्या पुड्यांची एक पिशवी दिली. मी पहिलं पान वाचलं. खाणं: आठवड्याला एक उंदीर. फ्रीजरमधून काढून, कोमट करून, चिमट्याने द्यावा. दुसरं पान मी वाचलं नाही, कारण तोपर्यंत सुनंदाने ती पिशवी उघडली होती.

सुनंदा म्हणजे माझी बायको. तिच्या फ्रीजरमध्ये एका बाजूला सुरमईच्या तुकड्या, एका बाजूला खवलेलं ओलं खोबरं आणि मध्ये जेद्दाहून आलेले कोकमाचे डबे असायचे. त्यात कुणी बर्फाचा ट्रे जरी सरकवला तरी ती हिशेब मागायची.

“अहो, हे काय आहे?”

“ते... त्याचा डबा.”

“माझ्या खोबऱ्याशेजारी उंदीर?”

“बंद आहेत ना कागदात.”

ती सरळ आत गेली आणि पलंगाखालची बॅग बाहेर ओढली. ही बॅग अर्धी भरलेलीच होती. कुवेतपासून दूर, पश्चिम किनाऱ्यावरच्या जेद्दाला शराफिया भागात इस्माईलभाईंचं कापडाचं दुकान होतं. ते दाभोळचे, सुनंदाच्या माहेरच्यांचे पिढ्यान्‌पिढ्यांचे शेजारी, तिला बहीणच मानायचे. डिसेंबरपासून त्यांचा दिवसाआड फोन. “वसंतराव, तुम्हाला कंपनी सोडत नाही, ठीक आहे. पण माझ्या बहिणीला आणि पोरीला इकडे पाठवा. वरची खोली झाडून ठेवलीय. दर शुक्रवारी सकाळी आपल्या लोकांची गाडी तुमच्या शेजारच्या दम्मामहून निघते, त्यात बसवून द्या.”

मला जाता येत नव्हतं. कंपनीने पत्र दिलं होतं, की मी अत्यावश्यक कर्मचारी आहे. (मला कुणी अत्यावश्यक म्हणण्याची आयुष्यातली ती पहिलीच वेळ. पत्र मी जपून ठेवलंय.) आणि सुनंदा आणि आमची लेक मीनू जाणार, हा विषय मी रोज टाळायचो. त्यांच्या जिवाची काळजी होती म्हणून त्यांनी जावं असं मला वाटायला हवं होतं. मला तसं वाटत नव्हतं. मला वाटायचं, हल्ल्याचा भोंगा वाजेल, आणि मी त्या घरात एकटा असेन. हे मी आज लिहू शकतो. तेव्हा आरशातसुद्धा म्हटलं नसतं.

तर बॅग पलंगावर आली, आणि माझ्या तोंडून गेलं, “अगं, असं काय करतेस? राखणदार आलाय घरात आणि तू निघालीस?”

तिचा हात थांबला.

तिच्या माहेरी आंब्याच्या बागेत राखणदार होता. म्हणजे होता असं सगळे म्हणायचे. त्याला साप म्हणायचं नाही, त्याचं नाव घ्यायचं नाही, आजोबा म्हणायचं. तो दिसला की हात जोडायचे. तो असेपर्यंत घराला भीती नाही. मी पुढे रेटलं. “लढाई तोंडावर आलेली, सगळे पळतायत, आणि नेमका आपल्याच दारात हा चालत येतो. याचा अर्थ काय?”

“चालत कुठे, पेटीतून आलाय,” सुनंदा म्हणाली. पण पेटीकडे पाहिलं तिने. मग माझ्याकडे पाहिलं, जरा जास्तच वेळ. मग बॅगेतून एक साडी काढून परत कपाटात ठेवली.

“बरं. आजोबा आहेत तोवर मी आहे. त्यांना काही झालं तर येणाऱ्या शुक्रवारी मी आणि मीनू गाडीत. मग अडवायचं नाही.”

“नाही अडवणार,” मी म्हणालो. आणि अशा रीतीने माझा सगळा संसार दोन हाती मण्यारीच्या जिवावर उभा राहिला.

आमची मीनू तेव्हा आठ वर्षांची, इंडियन स्कूलमध्ये तिसरीत. आम्ही मराठीत विचारायचं आणि तिने इंग्रजी-हिंदीत उत्तर द्यायचं असा रिवाज होता. तिने शाळेच्या लायब्ररीतून सापांचं पुस्तक आणलं आणि बस्टरवर अधिकारवाणीने बोलायला लागली. “आई, यू नो व्हाय किंग? क्योंकि वो दूसरे साँपों को खाता है. रॅटलस्नेक को भी. उसको जहर लगता ही नहीं.”

“दुसऱ्याचं विष बाधत नाही?” सुनंदा म्हणाली. “मग बरोबर. राखणदारच.”

जानेवारीच्या मध्यावर लढाई सुरू झाली. कंपनीचं पत्रक आलं: घरातली एक खोली निवडावी आणि सगळ्या फटी प्लास्टिक व चिकटपट्टीने बंद कराव्यात, गॅसचा धोका आहे. सुनंदा लोणच्याच्या बरणीला दादरा बांधणारी बाई. तिने मागची खोली तशीच बांधून काढली. प्लास्टिक संपलं तेव्हा एसीच्या भोवतीच्या फटीला तिने घरातला सापडेल तो कागद लावला, मीनूची चित्रं, जुनं कॅलेंडर, वाण्याची यादी. पेटीही त्याच खोलीत ठेवली, कारण आजोबांना बाहेर ठेवून आपण आत बसायचं हे तिला पटेना.

भोंगा वाजला की आम्ही तिघं कंपनीने वाटलेले गॅस मास्क लावून त्या खोलीत. आणि भोंगा वाजला की बस्टर शेपटीचं टोक पेटीतल्या वर्तमानपत्रावर असं काही थरथरवायचा, की वाळक्या पाचोळ्यातून कुणी चालल्यासारखी खरखर व्हायची. मीनू म्हणाली, घाबरला की तो रॅटलस्नेकची नक्कल करतो, म्हणजे समोरचा पळून जातो. मी म्हटलं, पोरी, हे तर अगदी माझ्यासारखं झालं. (मनात म्हटलं.)

पहिला उंदीर त्याने खाल्ला. मी सुनंदाच्या सांडशीने दिला, डोळे मिटून, खुर्चीवर उभा राहून. सांडशी तिने परत घेतली नाही. दुसरा त्याने हुंगला आणि तोंड फिरवलं. तिसरा पडून राहिला. खोलीत उबेचं काही नव्हतं आणि त्या वर्षीची धाहरानची थंडी हाडात शिरणारी. फेब्रुवारीच्या एका मंगळवारी सकाळी ड्यूटीला जाण्याआधी मी पेटीत डोकावलो. बस्टर आडवा पडला होता. वेटोळं नाही, हालचाल नाही, कातडी निस्तेज, डोळे टक्क उघडे. मी फूटपट्टीने ढोसलं. पुन्हा ढोसलं. काचेला हात लावला तर बर्फ.

गेला!

मी खुर्चीत बसलो. पहिला विचार डेलचा आला, खोटं कशाला बोलू? नाही, पहिला विचार शुक्रवारचा आला. आज मंगळवार. बुधवार, गुरुवार, शुक्रवारी सकाळी गाडी. एवढे तीन दिवस निभावले की पुढच्या शुक्रवारपर्यंत लढाई संपेल, नाहीतर दुसरा साप मिळेल, नाहीतर मला काहीतरी सुचेल. तेवढ्यात सुनंदा चहा घेऊन दारात.

“काय म्हणतात आजोबा?”

“झोपलेत,” मी म्हणालो.

“उघड्या डोळ्यांनी?”

माझी बोबडी वळणार, इतक्यात मीनू दप्तर घेऊन आली. “आई, स्नेक्स के आयलिड्स नहीं होते. दे कान्ट क्लोज देअर आईज.” माझ्या पोरीने त्या दिवशी मला जे वाचवलं, त्याबद्दल तिच्या लग्नात मी थोडा जास्तच रडलो. मी पेटीवर माझी जाड शाल टाकली. “थंडी आहे, झोपू दे त्यांना. कुणी उचलायची नाही.”

दुपारी घरी आलो तर पेटीशेजारी वाटीभर दूध.

“उपाशी आहेत ना किती दिवस,” सुनंदा म्हणाली. “उठले की पितील.”

आता वाटी तशीच राहिली तर ती शाल उचलून बघणार. ती स्वयंपाकघरात गेली, मी खोलीत गेलो आणि दूध पिऊन टाकलं. साखर घातलेली होती. संध्याकाळी तिने रिकामी वाटी पाहिली, हात जोडले आणि बुधवारी सकाळी मोठा पेला ठेवला. मला दूध पचत नाही. लहानपणापासून पचत नाही. बुधवारी मी तीनदा प्यायलो आणि उरलेला वेळ कुठे होतो ते सांगण्यासारखं नाही.

शिवाय उंदीर. वितळून गेलेला तिसरा उंदीर घरातल्या कचऱ्यात टाकला तर सुनंदाच्या नजरेला पडणार. म्हणून मी तो चांदीच्या कागदात गुंडाळून डांगरीच्या खिशात घातला, प्लांटवर टाकू म्हणून. आणि लढाईमुळे गेटवर झडती सुरू झालीय, हे साफ विसरलो. गेटवर एक वयस्क सौदी पहारेकरी होता, पांढरी दाढी, शांत चेहरा. त्याने खिसा चाचपला.

“एश हाधा?” हे काय?

डोक्यात एकच अरबी शब्द आला. “घदा,” मी म्हणालो. दुपारचं जेवण.

त्याने कागद उघडला. बराच वेळ बघत राहिला. मग माझ्याकडे बघितलं, माझ्या सुकलेल्या तोंडाकडे आणि दुधाने खोल गेलेल्या डोळ्यांकडे. कागद त्याने हळूच मिटला, एका शब्दानेही रागावला नाही, आत केबिनमध्ये गेला आणि आपल्या डब्यातला अर्धा खुबूस, म्हणजे तिकडची रोटी, चीजचा तुकडा आणि मूठभर खजूर घेऊन आला. “मिस्कीन,” म्हणजे बिचारा, असं तो पुटपुटला आणि ते सगळं माझ्या हातावर ठेवलं. त्यानंतर मी त्या प्लांटवर असेपर्यंत तो रोज माझ्यासाठी खुबूस बाजूला काढून ठेवायचा. हिंदुस्थानात माणसं काय खातात याबद्दल त्याची समजूत कायमची बिघडली ती माझ्यामुळे.

गुरुवारी तिकडची साप्ताहिक सुट्टी. तिसरा दिवस, आता वास सुटेल या भीतीने मी अर्धमेला झालेलो. दुपारी सुनंदा आणि मीनू दोन घरं पलीकडे कुरियनच्या बायकोकडे गेल्या. मी सांडशीने बस्टरला उचलून बुटाच्या खोक्यात ठेवलं. (डोळे मिटून. तो काठीसारखा कडक लागला.) कचऱ्याच्या डब्यात टाकून द्यायचा आणि सांगायचं की निसटला, हा माझा बेत होता. डब्यापर्यंत गेलोसुद्धा. पण झाकण उचलवेना. आमच्याकडे मेलेलं जनावर असं टाकत नाहीत. त्याला अग्नी द्यायचा, तोंडात तांब्याचा पैसा ठेवायचा, नाहीतर कुळाला लागतं. राखणदार ही थाप मीच मारली होती. पण चार आठवडे रोज मारल्यावर ती मलाच लागू पडली होती.

तांब्याचा पैसा सौदीत कुठून आणणार? माझ्या हत्यारांच्या पेटीत पाव इंची तांब्याच्या नळीचा तुकडा होता, तो घासून घेतला. लाकडं कुठून आणणार? डेलच्या मागच्या अंगणात त्याची कोंबडी भाजायची शेगडी पडून होती, कोळशाच्या पोत्यासकट. म्हटलं, मालकाच्याच शेगडीवर जातोय बिचारा, तेवढंच समाधान. कोळसे पेटवले, खोकं शेगडीला लागून ठेवलं, तांब्याची नळी बस्टरच्या तोंडापाशी टेकवली आणि डोक्यावर रुमाल टाकून हात जोडले. मंत्र येत नव्हते. रामरक्षा म्हणायला घेतली.

कोळसे छान फुलले. ऊब खोक्याला लागली. मी डोळे मिटून अर्ध्यावर आलो असेन, तेवढ्यात तांब्याची नळी फरशीवर पडल्याचा आवाज आला. डोळे उघडले.

बस्टर खोक्याच्या काठावर हनुवटी टेकून जीभ बाहेर काढत होता.

पुढचं मला नीट आठवत नाही. आठवतं ते असं, की मी डेल मागे सोडून गेलेल्या गाडीच्या टपावर होतो, बस्टर शांतपणे खोक्यातून उतरून कण्हेरीच्या झुडपाकडे निघाला होता, आणि त्याच क्षणी भोंगा वाजायला लागला. सुनंदा आणि मीनू कुरियनच्या घरातून पळत आल्या. कोळसे, खोकं, डोक्यावर रुमाल घेऊन टपावर उभा नवरा आणि वाळूत चाललेले आजोबा, हे सगळं त्यांनी एकदम पाहिलं.

“अहो, धरा त्यांना!” सुनंदा ओरडली. “डेलला सांगितलंत ना, पाढे म्हणत धरायचात?”

“बाबा, प्लीज,” मीनू म्हणाली. तिला रडू फुटलं होतं.

कण्हेरीच्या पलीकडे कुंपण, कुंपणापलीकडे उघडी वाळू. तो गेला की संपलं. आणि उद्या शुक्रवार. मी टपावरून खाली उतरलो. बे एके बे, बे दुणे चार म्हणत वाकलो आणि बेचाळीस वर्षांच्या आयुष्यात पहिल्यांदा साप हातात धरला. तो गार नव्हता. शेकोटीजवळ बसलेल्या माणसाच्या हातासारखा तो कोमट होता, आणि माझ्याइतकाच थरथरत होता. मला त्याची एकदम कीव आली. त्याला माझी आली नाही. घाबरलेला किंगस्नेक चावण्याआधी काय करतो, हे मीनूच्या पुस्तकात होतं आणि मी वाचलं नव्हतं. तो शेपटीखालून एक पातळ पदार्थ सोडतो. त्याने तो माझ्या सदऱ्यावर, हातावर आणि डोक्यावरच्या रुमालापर्यंत सोडला.

तो वास मी सांगू शकत नाही. कुजलेली सुकट, त्यात ओला कुत्रा, असं काहीतरी म्हणता येईल, पण ते सुकटीवर अन्याय करणारं आहे. बस्टर पेटीत, आम्ही तिघं बंद खोलीत, फटी सुनंदाने बांधलेल्या. आम्हाला वाटलेल्या गॅस मास्कचा सबंध लढाईत खरा उपयोग झाला तो त्या दिवशी.

मी कोपऱ्यात बसून एसीकडे बघत होतो, कारण दोघींकडे बघायची छाती नव्हती. एसीच्या फटीला चिकटवलेल्या कागदांत, वाण्याच्या यादीशेजारी, एक टाईप केलेलं पान होतं. मास्कच्या काचेतून मी वाचायला लागलो. ‘पान दोन. हिवाळा. थंडीत बस्टर खाणं सोडतो आणि आठ-दहा आठवडे झोपतो. हलणार नाही, गार लागेल. घाबरू नकोस, तो मेलेला नाही. तुझ्यासारख्याला हे सांगायला नको म्हणा.’

म्हणजे मंगळवारपासून मी बायकोला जे सांगत होतो, ते शब्दन्‌शब्द खरं होतं. बारा वर्षांच्या संसारात मी इतकं खरं सलग तीन दिवस कधी बोललो नव्हतो, आणि त्यासाठी मला पेलेच्या पेले दूध प्यावं लागलं होतं.

धोका टळल्याचा भोंगा झाला. दोघींनी मास्क काढले नाहीत. मी काढला आणि सगळं सांगून टाकलं. फणसाचं झाड, शिडी, राखणदार, दूध, उंदीर, शेगडी. शेवटी म्हटलं, “उद्याच्या गाडीने जा तुम्ही. खरंच जा. मी राहीन.”

सुनंदा मास्कमधून म्हणाली, “कुठली गाडी? इस्माईलभाईंना मी मंगळवारीच फोन केला, येत नाही म्हणून.”

“मंगळवारी? पण आजोबा...”

“मलाही वाटलं, गेले ते. संध्याकाळी वाटी घ्यायला गेले, तेव्हा शाल उचलून बघितली मी.”

“मग ते दूध?”

“पहिल्या दिवशी श्रद्धेनं ठेवलं. संध्याकाळी बघते तर वाटीच्या काठाला मिशांचा कलप. आजोबा कलप लावत नाहीत. मग म्हटलं, माणूस एवढा झटतोय, पिऊ दे. साखर वाढवली.”

“आणि राखणदार? तेव्हा बॅग रिकामी केलीस ती?”

“अहो, राखणदार घरचा असतो. अमेरिकेहून आलेला कशाला आपलं घर राखेल? बॅग मी तुमचं तोंड बघून रिकामी केली. एवढं घाबरलेलं माणूस एकटं टाकून जायचं कुठे?”

मी उठून तिच्याकडे गेलो, तर ती दोन पावलं मागे सरकली. “आधी आंघोळ,” ती म्हणाली.

महिनाअखेरीस लढाई संपली. उन्हं तापली तसा बस्टर जागा झाला, कात टाकली आणि नवा कोरा होऊन एका दमात दोन उंदीर खाल्ले. एप्रिलमध्ये डेल परतला. पेटीवर वाकून त्याने बस्टरला गळ्यात घेतलं आणि मला विचारलं, “त्रास नाही ना दिला?”

“नाही. झोपून होता,” मी म्हणालो.

“मला माहीत होतं. तुझ्याशिवाय कुणाला जमलं नसतं.” पेटी गेली त्या दिवशी सुनंदा मागच्या खोलीत बराच वेळ उगाच केर काढत होती. बस्टरची कात तिने मागून घेतली. ती आमच्या कपाटात अजून आहे, कंपनीच्या त्या अत्यावश्यक पत्राच्या घडीत.

आता आम्ही गुहागरला असतो. परसात साप निघतात. निघाला की मी आधी फणसाकडे बघतो, मग गुडघ्यांकडे बघतो आणि मुकाट घरात येऊन दार लावतो. पाहुणे आले की लढाईचा विषय निघतो, आणि मी घसा खाकरून सुरुवात करायच्या आत सुनंदा चहाचे कप ठेवता ठेवता सांगून मोकळी होते.

“आमच्याकडे लढाईत दोघं होते. एक थंडीत झोपायचा, दुसरा त्याचं दूध प्यायचा. भोंगा झाला की दोघं थरथरायचे, आणि घाबरले की दोघांचा घाण वास यायचा. पण सांभाळले मी. म्हटलं, असू देत, बिनविषारी आहेत.”